तिसरी पातळी, कलम अकरा

दि. ३ फेब्रुवारी

ती. आक्कास, धाकट्याचा शि. सा. न. वि. वि.

तुझं पत्र पोचलं. अक्षरं ओळीवरून घसरायला लागली आहेत, त्यावरून डोळ्याचं कळलं. मजकुराची धार मात्र तीच आहे. इथल्या डॉक्टरीणबाईंना मी स्वतः जाऊन भेटलो. ऑपरेशनला एकोणीस तारीख पक्की. ती चुकली तर त्या तीन महिने परदेशी असतील आणि तुझा उजवा डोळा तीन महिने वाट बघणार नाही, असं त्यांनी स्पष्ट सांगितलं. डावा तर कधीच रजेवर गेला. बसचे धक्के तुला नकोत, म्हणून अठराला मी गाडी घेऊन येतो. मुक्काम करून एकोणीसला सकाळी निघू.

गाडीबद्दलच्या तुझ्या शंकेचाही बंदोबस्त केला आहे. गाडी वाटेत बिघडली तर मदत पाठवणाऱ्या एका कंपनीचं पत्रक आणलं. तीन पातळ्या आहेत : 'वाटेवरचा सोबती', 'आधार' आणि 'निश्चिंत'. गच्चीवर उन्हं उतरताना मी ते मोठ्याने वाचलं. आक्का, चाळीस वर्षं वर्गात कविता शिकवली, शब्दाची जात मला कळते. 'निश्चिंत' हा शब्द जेवून पडलेल्या माणसासारखा सुस्त वाटला. 'आधार'ला औषधाचा वास आला. पण 'वाटेवरचा सोबती' म्हणताच सहावीच्या पुस्तकातला तो वाटसरू डोळ्यांपुढे उभा राहिला. तीच पातळी घेतली.

लोभ आहेच, तो जरा कमी टोचावा, ही विनंती.

तुझा,
धाकटा

दि. ६ फेब्रुवारी

चि. कविराजास, थोरलीचे अ. आ. आणि एक चापटी.

विम्याच्या कचेरीत मी एकतीस वर्षं लोकांचे दावे तपासले. खोटी सही, खोटा पाय, खोटी आग, सगळं पाहिलं. पण नाव गोड लागलं म्हणून पातळी निवडणारं गिऱ्हाईक घरातच निघावं, हे माझं भाग्य. नाव सोनूबाई, हाती कथलाचा वाळा. पत्रकाच्या मागच्या बाजूला बारीक अक्षरं असतात, तिथे कविता नसते म्हणून तू गेला नसशील. मी भिंग लावून गेले. शेजारणीच्या मुलीकडे तेच पत्रक होतं.

तुझा वाटेवरचा सोबती अर्धा तास बॉनेटमध्ये डोकं घालतो, जमलं तर दुरुस्त करतो, नाही जमलं तर हात पुसून जातो. मग तू, मी आणि वाटसरू रस्त्यावर. शिवाय घरापासून दोन किलोमीटरच्या आत तो येतच नाही. तुझी गाडी तर बहुतेक फाटकातच रुसते. म्हणजे जिथे ती बिघडते तिथे मदत नाही, आणि जिथे मदत आहे तिथवर ती पोचत नाही. वा रे निवड.

'आधार' गाडीला ओढून जवळच्या गॅरेजपर्यंत नेतो. गाडीला, हे नीट वाच. आत बसलेल्या म्हातारीचं काय, यावर तो मौन पाळतो. तिसरीत तुझ्या दारातही माणूस येतो आणि गाडी हललीच नाही तर गाडी व माणसं दोन्ही जिथे जायचं तिथे पोचवतात. तुझ्या सुस्त शब्दात एवढा दम आहे. पातळी स्वस्त की महाग हे नंतर बघायचं. आधी आपली गाडी कुठे, कशी आणि कोणाला घेऊन बंद पडते ते बघायचं. म्हणून तुझ्या मिस्त्रीकडून मागच्या सगळ्या बिघाडांची यादी मागव आणि मला कळव. आणि वाढीव पातळी लागू व्हायला सात दिवस लागतात, तेव्हा यमक जुळवत बसू नकोस.

माझा मुलगा म्हणतो, मामाच्या गाडीआधी मामाची कविता पोचते. मी हसले नाही. फार.

राग मानू नकोस. मानलास तरी पत्र पाठव.

तुझी,
आक्का

दि. ९ फेब्रुवारी

ती. आक्कास सा. न. वि. वि.

चापटी पोचली. काल कंपनीला फोन करून 'निश्चिंत' झालो. पलीकडच्या मुलीने बावीस कलमं एका श्वासात वाचली. मी तिला म्हटलं की बाळ, जरा अर्थ लावून वाच, तर ती म्हणाली की संभाषणाचं रेकॉर्डिंग चालू आहे. सोळापासून लागू.

मिस्त्रीच्या गॅरेजमध्येही जाऊन आलो. तेलकट वही, पानं एकमेकांना चिकटलेली, कोपऱ्यात जुन्या टायरांची चळत. अकरा वर्षांत नऊ बिघाड, तारखांसह यादी सोबत जोडली आहे. सात माझ्या फाटकाशी, एक पेट्रोल पंपावर आणि एक नदीवरच्या मोठ्या पुलाअलीकडे. प्रत्येकापुढे त्याने 'चालू करून दिली' एवढंच लिहिलं आहे. दोष कोणता, असं विचारल्यावर तो दात कोरत म्हणाला की गुरुजी, तुमची गाडी लाजाळू आहे, मी आलो की बरी होते. मला ही उपमा आवडली. एकेकाळी आपण दोघं सायकलवर डबलसीट त्याच पुलावरून जायचो, तू पॅडल मारायचीस आणि मी मागे बसून पाठांतर म्हणायचो, ते आठवलं. तेव्हा पूल केवढा रिकामा असे.

माया पातळ होऊ देऊ नकोस.

तुझा,
धाकटा

दि. १२ फेब्रुवारी

चि. कविराजास अ. आ.

यादी वाचली. सवय जात नाही, तारखा जुळवून पाहिल्या. नऊपैकी नऊ वेळा तू माझ्याकडे यायला निघाला होतास. भाजीला जाताना गाडी कधी बिघडली नाही, शाळेच्या संमेलनाला जाताना नाही, केस कापायला जाताना नाही. कचेरीत असा दावा आला असता तर मी फाइलवर लाल खूण करून वर पाठवली असती.

मी काही विचारत नाही. एवढंच सांगते की तिन्ही पातळ्या यंत्राच्या आहेत. चालवणाऱ्याचं काही बिघडलं तर कंपनी येत नाही.

मुलगा भाड्याची गाडी पाठवतो म्हणाला होता. मी त्याला नको म्हटलं, माझा भाऊ येतोय. आता डोळा माझा आहे आणि शब्द तुझा आहे. जमणार नसेल तर चौदापर्यंत कळव, मी मुलाला हो सांगेन आणि तुला एका शब्दाने बोलणार नाही. हे मात्र खरं नाही, बोलेन.

तुझी,
आक्का

दि. १४ फेब्रुवारी

ती. आक्कास सा. न.

येतो.

तुझा,
धाकटा

दि. ५ मार्च

ती. आक्कास, शि. सा. न. वि. वि.

भाचा तुला घरी घेऊन गेला आणि इथली खोली एकदम मोठी झाली. चौदा दिवस तू पट्टीखालूनही माझ्या स्वयंपाकात चुका काढत होतीस. आता भात करपला तरी कोणी बोलत नाही.

त्या सकाळी पुलाशी जे घडलं त्यातलं तुला निम्मं दिसलं नसेल, म्हणून सांगतो. आदल्या दिवशी येताना मी पहाटेच पूल गाठला होता, रिकामा होता, श्वास रोखून पार केला. तुला घेऊन निघालो तेव्हा नऊ वाजले होते. दोन्ही बाजूंनी ट्रक. कठड्याच्या अलीकडे मी गाडी बाजूला घेतली आणि तुला म्हटलं की बंद पडली. बंद पडली नव्हती. माझी बोटं स्टिअरिंगवरून सुटत नव्हती, एवढंच. ओठांवर एक ओळ आणायचा प्रयत्न केला, एकही आली नाही.

मदतीचा माणूस पाऊण तासाने आला. त्याने किल्ली फिरवली आणि गाडी गुणगुणायला लागली. आजोबा, धडधाकट गाडी उचलली तर माझी नोकरी जाईल, असं म्हणून तो आपल्या ट्रककडे कागद लिहायला गेला. तेव्हाच तू किल्ली काढलीस, उतरलीस, चाचपडत कठडा गाठलास आणि ती नदीत टाकलीस. वर शांतपणे त्याला सांगितलंस की किल्ली हरवली आहे, तिसरी पातळी, कलम अकरा. त्याने तुझ्या काळ्या चष्म्याकडे पाहिलं, मग माझ्या हातांकडे पाहिलं आणि साखळी काढली. ट्रकच्या केबिनमध्ये मधोमध बसून आपण पूल ओलांडला. मी डोळे मिटले होते. दवाखान्याच्या पायरीपर्यंत त्याने सोडलं.

आता न लिहिलेलं लिहितो. अकरा वर्षांपूर्वी दाजी शेवटचे आजारी होते, मी पुलाशी पोचलो होतो. गाडी तेव्हाही चालू होती. मीच वळलो. मिस्त्रीला बोलावलं ते तुला दाखवायला एक चिठ्ठी असावी म्हणून. दाजींनी वाट पाहिली असेल.

माया उरली असेल तर असू दे. मागायचा हक्क नाही.

तुझा,
धाकटा

दि. ११ मार्च

चि. कविराजास अ. आ.

हे पत्र मी भिंगाशिवाय लिहिते आहे. अक्षर बघ, तुझ्या फळ्यावरच्यापेक्षा बरं आहे.

तू वळलास हे मला चिठ्ठी आली त्याच दिवशी कळलं होतं. बिघडलेल्या गाडीची चिठ्ठी जपून पाठवणारा माणूस मी एकतीस वर्षं रोज टेबलापलीकडे पाहिला आहे. यांना मी सांगितलं की गाडी बंद पडली. यांनी विचारलं की त्याला फार वेळ उन्हात थांबावं तर लागलं नाही ना. एवढंच विचारलं. हे तुला पूर्वीच सांगायला हवं होतं, पण मी रागावले होते आणि तो राग मला सोबतीला हवा होता. आता नको आहे.

कंपनीचा कागद आला आहे, किल्ली कशी हरवली ते लिहा म्हणून. हयातभर खोट्या दाव्यांवर लाल रेघ ओढली आणि शेवटी स्वतःच्या हाताने एक भरला. लिहिलं : 'कठड्याशी उभी असताना हातातून पडली. दृष्टी कमी.' दुसरं वाक्य तरी खरं होतं. पहिल्याची लाज वाटते, पण थोडी.

नवीन किल्ली झाली असेल. येत्या रविवारी सकाळी नऊला गाडी घेऊन पुलाच्या तुझ्याकडच्या टोकाला ये. पहाटे नाही, नऊला. मी बसने या टोकाला येऊन उभी राहते. ट्रक मोज, कविता म्हण, देवाला शिव्या दे, पण पूल ओलांडून ये. तू नाही आलास तर मी पायी त्या टोकाला येईन. डॉक्टरीणबाईंनी महिनाभर धुळीत जायचं नाही असं बजावलं आहे. माझं डोकं कसं आहे तुला ठाऊक आहे, तेव्हा माझ्या डोळ्याची काळजी तू कर.

बाकी भेटीअंती, म्हणजे माझ्या टोकाला.

तुझी,
आक्का