ओसरी वाळेपर्यंत

नवेगाव बांध, ता. ४ ऑगस्ट १९४१

चि. सेवकराम यास देवचंदचा आशीर्वाद.

आईला जाऊन महिना झाला. पत्राच्या माथ्यावर श्री लिहायला अजून हात धजत नाही. शाळा सुरू आहे. तुझी वहिनी रुख्मिणी बरी आहे.

परवा गोंदियाला गुलाबचंदांच्या थेटरात तू पौषात घरी येऊन काढलेला सिनेमा पाहिला. मोठ्या खेळाआधी त्यांनी तो लावला होता. घरात आईचा एकही फोटो नाही. तिचा चेहरा एकदा दिसेल, एवढ्यासाठी मी गेलो. दिसले ते ओसरी सारवणारे तिचे हात. मग हातही गेले, आणि बराच वेळ नुसती ओली जमीन. मागून कोणी ओरडले की जमीन वाळून राहिली, तिकीट वापस करा. लोक हसले.

मी रागावलो नाही, पण मला समजले नाही. कोल्हापूरच्या स्टुडिओतली नोकरी सोडून, स्वतःचा कॅमेरा घेऊन, हेच करायचे होते का? तिचा चेहरा असलेला फिल्मचा तुकडा असेल तर पाठव.

तुझा,
देवचंद

नागपूर, ता. ११ ऑगस्ट १९४१

ती. स्व. दादांस सेवकरामचा नमस्कार. वि. वि.

ओरडणाऱ्याचे चुकले नाही, मलाही कधी तसेच वाटते. वहिनीला सांगा, इथल्या खानावळीत भातापेक्षा खडे जास्त असतात.

चेहरा मी काढला होता. सारवता सारवता आई वर पाहून हसली. मग म्हणाली, काऊन रे, तुझे बाबा गेल्यावरचं हे कोरं कपाळ कायले ठेवून राहिला? हात घे. मी शब्द दिला, तेवढा भाग नंतर कापला आणि तेव्हाच कॅमेरा खाली जमिनीकडे वळवला. तो पुन्हा वर गेलाच नाही. आता बाजारातही माणसांच्या हातांवरच थांबतो. इथले मित्र त्याला माझी शैली म्हणतात. मला मात्र दुसरे जमेनासे झाले आहे.

तुकडा मी जाळू शकलो नाही. चौदा चित्रे आहेत, सोबत पाठवतो. शब्द मी दिला होता, तुम्ही नाही. पाहायचे की नाही, तुम्ही ठरवा. दिव्याजवळ नेऊ नका, फिल्म पेट घेते.

धाकट्यावरची माया कमी होऊ देऊ नये.

आपला,
सेवकराम

नवेगाव बांध, ता. २१ ऑगस्ट १९४१

चि. सेवकराम यास आशीर्वाद.

तुकडा पोचला. दोन दिवस कोटाच्या खिशात घेऊन शाळेत गेलो. शेवटी रुख्मिणीला दिला. आईचे केस तीच विंचरून द्यायची, ते कपाळ तिने रोज पाहिले होते. खिडकीशी धरून तिने पाहिला, डोळे पुसले आणि एवढेच सांगितले की आत्याबाई हसून राहिल्या हायेत. मी पाहिला नाही. बरोबर केले की चूक, कळत नाही. तुकडा तिच्या पेटीत आहे.

काल तिने ओसरी सारवली. कोपऱ्याशी आली की तिचा हात उलटा वळतो, आईचा वळायचा तसाच. दहा वर्षे एका घरात राहून मला ते ठाऊक नव्हते. पडद्यावर पाहिले होते म्हणून दिसले. ओसरी वाळेपर्यंत उंबऱ्यात उभा राहिलो. शाळेला उशीर झाला.

तुझा सिनेमा समजला, असे अजून म्हणवत नाही. पुन्हा कुठे लागला तर कळव. या वेळी रुख्मिणीलाही आणीन.

जेवणाची आबाळ करू नको. आहे तो लोभ तसाच राहू दे.

तुझा,
देवचंद