अडतीस सेकंद

शनिवार, २० सप्टेंबर

जिनेंद्र आज सगळ्यांसमोर म्हणाला, "संपादक, एकतीस वर्षं तुम्ही निकाल लिहिलात. खेळ कधी बघितला न्हाय!"

मंडळाच्या खोलीत सामना बघायला जमलेले दहा-बाराजण हसले. लॅपटॉप सांभाळणारा गुंडू सगळ्यात मोठ्यानं. संपादक मी कधीच नव्हतो. क्रीडा पानाचा उपसंपादक. पान बंद झालं, मी घरी आलो. नाव तेवढं उरलं — टिंगलीपुरतं.

झोंबलं, कारण खरं आहे. इंग्लंडातले सामने संपायच्या आत आमचं पान छपाईला जायचं. मध्यंतराच्या स्कोअरवर मी दोन मथळे तयार ठेवायचो, एक विजयाचा, एक पराभवाचा. जिनेंद्र मात्र निवृत्त पीटी शिक्षक, जिल्ह्याकडून खेळलेला. आता काकती गावच्या मुलींना फुटबॉल शिकवतो. तो बोलला की मंडळात विषय संपला.

रागानं उठलो आणि मागच्या कोपऱ्यात, खिडकीजवळच्या मोडक्या खुर्चीत जाऊन बसलो. तिथं कुणी बसत नाही. गल्लीपलीकडं नेमगोंडा आप्पांचं घर. निपाणीचे तंबाखूवाले, अर्धांगानं पडून आहेत. पलंग खिडकीला लागून, टीव्ही समोरच्या भिंतीवर, आवाज बंद. त्यांच्या डोक्यावरून मला अख्खा पडदा दिसत होता. आमचाच सामना!

पण तिकडं गोल झाला, खेळाडू एकमेकांच्या अंगावर पडले — आणि आमच्या पडद्यावर अजून थ्रो-इन चालला होता.

कुणाला काही बोललो नाही.

रविवार, २१ सप्टेंबर

मनगटी घड्याळावर मोजलं. अडतीस सेकंद. आप्पांकडं डिश, आमच्याकडं गुंडूच्या लॅपटॉपवरचं अ‍ॅप. अडतीस सेकंदांत मी चार ओळींची बातमी लिहीत असे.

शनिवार, २७ सप्टेंबर

आज पहिल्यांदा बोललो. चेंडू मैदानाच्या मधोमध रेंगाळत होता. जिनेंद्र सगळ्यांना समजावत होता, "दोघंबी थकलेत. आता धा मिनिटं काय हुत न्हाय बघा."

मी म्हणालो, "गोल होणार. डावीकडून."

"डावीकडनं? तिकडं त्यांचा मानूसच न्हाय ओ!"

झाला. डावीकडूनच!

मग गुंडू ओरडला, "आयला, संपादक!" जिनेंद्र हसला, मनापासून हसला, माझ्या पाठीवर थाप मारली. "लागला की बाण!"

ती थाप मला आवडली नाही.

शनिवार, ४ ऑक्टोबर

पद्धत ठरवली आहे. प्रत्येक गोल सांगायचा नाही. एखादा सोडून द्यायचा, एखादा अर्धवट सांगायचा. आणि शक्यतो जिनेंद्रनं मत दिल्यावरच तोंड उघडायचं. बातमीत जसं — आधी त्यांचा दावा, मग वस्तुस्थिती.

आज दोन सांगितले. घरी आलो तर ही म्हणाली, "एवढं हसू? कुनाचं वाईट झालं?"

शनिवार, ११ ऑक्टोबर

लीगला सुट्टी. देशोदेशीचे सामने. दिवस जाता जाईना.

शनिवार, १८ ऑक्टोबर

जिनेंद्रला संशय आला. त्याचा हक्कच आहे, तो मूर्ख नाही. "संपादक, मोबाइल दाखवा बघू. टीव्हीवर आधी दिसतंय, कोन तरी मेसेज टाकतंय तुम्हास्नी."

मी मोबाइल बंद करून त्याच्या मांडीवर ठेवला. खिसे उलटे करून दाखवले. कानात इअरफोनचे बोळे आहेत का तेही गुंडूनं टॉर्च लावून पाहिलं! सगळ्यांनी सगळीकडं पाहिलं, खिडकीकडं सोडून. पडद्याकडं तोंड केलेल्या माणसांना मागं खिडकी आहे हेच आठवत नाही.

मग पेनल्टी मिळाली. जिनेंद्र उठून उभा राहिला. "हा पोरगा चुकत न्हाय. त्याचा पाय बघा, खांदा बघा. उजव्या कोपऱ्यात जानार."

"चुकणार," मी म्हणालो. "वरून जाणार."

वरून गेला.

आज कुणी टाळ्या नाही वाजवल्या. सगळे जिनेंद्रकडं बघून हसले, त्या दिवशी माझ्याकडं बघून हसले होते तसेच. गुंडू म्हणाला, "सर, तुम्ही आता पोरींस्नी लंगडी शिकवा!" जिनेंद्रही हसायला गेला. ओठ हलले फक्त.

येताना मी कंदी पेढे घेतले.

गुरुवार, २३ ऑक्टोबर

भाऊबीज. दुपारी जिनेंद्र फराळाला आला. बोलावलं नव्हतं. चिवड्याला हातही लावला नाही. ही आत गेल्यावर हळू आवाजात म्हणाला,

"तुम्हाला म्हणून सांगतो. माझ्या वडलांचं असंच सुरू झालतं. आधी हिशोब चुकायला लागले, मग रस्ते. शेवटी मला ओळखत नव्हते ओ. मला आता खेळ दिसत न्हाय. सगळ्यांस्नी दिसतंय, तुम्हाला तर आधीच दिसतंय, आणि मला मागनं कळायलंय. उशिरा कळायलंय सगळं."

समोर बसला होता. एका वाक्यात त्याला सोडवता आलं असतं. खिडकी — एवढा एक शब्द.

मी म्हणालो, "एकदा तपासून घ्या."

त्यानं माझे दोन्ही हात धरले. "तुम्हीच एक सरळ बोललासा."

शनिवार, २५ ऑक्टोबर

सांगायचं ठरवून गेलो होतो. खरंच ठरवून. तर गुंडूनं माझ्या मोडक्या खुर्चीचा पाय दुरुस्त केलेला, वर त्याच्या घरच्या यंत्रमागावर विणलेल्या साडीच्या तुकड्याची गादी शिवून घातलेली. "आमच्या संपादकांची गादी!"

बसलो.

शनिवार, १ नोव्हेंबर

इंग्लंडातली घड्याळं मागं गेली. सामने आता आपल्याकडं तासभर उशिरा. जिनेंद्र पहिल्या रांगेत मधल्या खुर्चीत बसतो, वही घेऊन. कोण कुठं उभा होता ते लिहितो. गोल झाला की वहीत बघतो, पडद्याकडं बघतो, पुन्हा वहीत. मग माझ्याकडं वळून विचारतो, "कसं कळलं तुम्हास्नी? काय बघितलंसा?"

मी कारणं देतो. बचावपटूची टाच. गोलरक्षकाचं पाणी पिणं. तो लिहून घेतो.

डॉक्टरांनी डोक्याचा फोटो काढला, काही नाही म्हणाले. याचा विश्वास नाही. "सुरुवातीला फोटोत येत न्हाय ते."

मध्यंतरात खिडकीकडं पाहिलं तर आप्पांची मान माझ्याकडं वळलेली. बराच वेळ बघत होते. त्यांना बोलता येत नाही.

बुधवार, ५ नोव्हेंबर

जिनेंद्र शिट्टी घेऊन आला. दोरी धुऊन आणली होती.

"शनिवारी काकतीत पोरींचा उपांत्य सामना हाय. तुम्ही उभं ऱ्हावा त्यांच्या बाजूला."

"मी? मला काय येतं?"

"तुम्हाला पुढचं दिसतंय. माझ्यामुळं पोरी हरायला नकोत. वर्षभर उन्हात पळाल्यात बिचाऱ्या." मग म्हणाला, "मी येत न्हाय. मी आलो तर माझ्याकडं बघत्यात."

नाही म्हणायला एकच कारण होतं. ते मी दिलं नाही. शिट्टी घेतली.

शनिवार, ८ नोव्हेंबर

शून्य-सहा.

मैदानाला खिडकी नसते. पहिली दहा मिनिटं मुली खेळल्या, जिनेंद्रनं शिकवलं तशा, जागा धरून, न बोलता पास देत. मग एक गोल बसला आणि त्या सगळ्या माझ्याकडं वळल्या. मी काहीतरी ओरडलो. दोघींना पुढं पाठवलं. मागं मोकळं रान! पुढचे पाच त्या रानातूनच आले.

शेवटच्या गोलाआधी भाग्यलक्ष्मी, गोलात उभी असलेली, गुडघा फुटलेला, तिथूनच ओरडली, "काका, सर म्हणत हुते तुम्हाला आधी कळतंय! सांगा की ओ! कुठनं येतोय सांगा की!"

कडेला उभे असलेले लोक हसले. ती विनोद करत नव्हती.

नंतर सगळ्या मैदानातच बसून रडल्या. एक म्हणाली, "सरांस्नी कोन सांगायचं?" मी केळी वाटली. भाग्यलक्ष्मीनं घेतलं नाही.

मंडळात न जाता थेट घरी आलो. येताना ठरवलं, जिनेंद्रला सांगायचं की मुली कच्च्या होत्या.

रविवार, ९ नोव्हेंबर

गुंडू सकाळी सकाळी दारात. धापा टाकत, आनंदानं.

"संपादक, सर बरे झाले! काल तुमची गादी रिकामी हुती. आम्हीच बसवलं त्यांस्नी तिथं, म्हटलं तुमची हवा लागंल. पंधरा मिनिटं वहीत लिहीत हुते. मग खिडकीतनं भाईर बघत बसले. आम्हाला वाटलं, गेलं आता डोकं. आन एकदम म्हणाले, गोल! झाला की ओ! तिन्ही सांगितले, तिन्ही बरोबर!"

"आणखी काय म्हणाले?"

"कुनाला काय न्हाय. वही फाडली तेवढी. तुम्हाला मातर निरोप हाय. पंधराला लीगला सुट्टी, बावीसला चुकवू नका म्हणाले. पयल्या रांगेतली मधली खुर्ची तुमच्यासाठी धरून ठेवतो म्हणाले. सगळ्यांस्नी बोलवा, काकतीच्या पोरींस्नीबी आणतो म्हणाले."

म्हणजे अजून तेरा दिवस.