आदेशात खुर्ची लिहिलेली नाही

सोमवार, ४ मार्च
माझी खुर्ची गेली! बावीस वर्षं घासून माझ्या मापाची केलेली, डावा हात मोडका, उशी हिने शिवलेली. जागेवर लोखंडी स्टूल. राज्यं बुडतात तेव्हासुद्धा आधी कुणकुण लागते. मला तीही नाही. शिपाई म्हणाला, "साहेबांनी रेकॉर्डरूममध्ये नेलीय. फोटो काढायचाय."
कसला? तर कोर्टाचा आदेश पाळल्याचा.

मंगळवार, ५ मार्च
रेकॉर्डच्या बाईंना सहा वर्षांपूर्वी एक फाईल हरवली म्हणून घरी बसवलं. कोर्ट म्हणालं, पुरावा नाही, मूळ जागी परत घ्या. आम्ही घेतलं — व्हरांड्यातल्या बाकावर. तीन महिने झाले. सकाळी सही, संध्याकाळी सही, मधे भिंत बघायची. शेवटी बाईंनी अवमानाचा अर्ज टाकला. पंधरा तारखेला साहेबांनी जातीने हजर व्हायचंय.
साहेब : "परत घ्या म्हटलंय, घेतलं. खुर्ची द्या कुठे लिहिलंय?"
'मूळ जागी' या दोन शब्दांवर बोट ठेवलं. चष्मा शोधू लागले. नाकावरच होता.

गुरुवार, ७ मार्च
फोटो झाला. बाई माझ्या खुर्चीत, पुढ्यात टेलिफोन. त्याची वायर टेबलाखाली लोंबतेय, कशालाच जोडलेली नाही. फोटो झाल्याबरोबर — "उठा बाई." रेकॉर्डरूमला पुन्हा कुलूप. खुर्ची परत आली, उशी उलटी.

सोमवार, ११ मार्च
बाकावरून बाई म्हणाल्या, "भाऊसाहेब, तुमची एक चिठ्ठी राहिलीय."
त्यांचा जुना नियम. फाईल न्यायची तर तिच्या जागी सहीची चिठ्ठी ठेवायची. साहेबांनाही सूट नव्हती.
मी म्हटलं, "बाई, कपाटंच तुमची राहिली नाहीत, चिठ्ठी ठेवणार कुठे?" आणि हसलो.
त्या नाही हसल्या. "ऑगस्टात रिटायर होतेय मी. चोर म्हणून नाही व्हायचं."

बुधवार, १३ मार्च
प्रतिज्ञापत्र तयार. 'अर्जदार मूळ जागी नियमित काम करीत आहेत.' मसुदा अर्थात माझा. इतकं खोटं इतक्या शुद्ध भाषेत लिहिणारा इथे दुसरा आहे कोण? साहेब म्हणाले, "खाली तुमचीही सही हवी. आणि कुलूप का, असं विचारलं तर सांगा, ती फाईल अजून मिळालेली नाही. अशा बाईवर विश्वास कसा ठेवायचा?"
चोराच्या उलट्या बोंबा. 'उद्या करतो' म्हणालो.

गुरुवार, १४ मार्च
पोट दुखतंय सांगून दुपारीच घरी. येताना उशी काखेत मारून आणली. ही म्हणाली, "दुखणं पोटाचं, मग उशी कशाला?"

शुक्रवार, १५ मार्च
सही केली. प्रतिज्ञापत्रावर नाही.
कोर्टाच्या पायऱ्यांवर बाईंच्या हातात चिठ्ठी ठेवली. 'ती फाईल मी नेली, चिठ्ठी उद्या देतो असं सांगून. साहेबांच्या टेबलावर ठेवली. तिथून ती परत आली नाही. चौकशीत मी गप्प बसलो.' खाली नाव, तारीख आजची.
बाईंनी दोनदा वाचली. घडी करून वकिलाकडे दिली.
"उशीर केलात, भाऊसाहेब," म्हणाल्या आणि आत गेल्या.