नावाड्याचं भाषण

प्राग, ४ नोव्हेंबर १९८३

ती. बाबांस व्लास्ताचा नमस्कार. या वेळी वि. वि. खरोखरच विशेष आहे.

आईच्या बुख्ता, ते खसखस भरलेले गोड पाव, पोचल्या. संकलनाच्या खोलीत दोन उरल्या आहेत.

तुमच्या पहिल्या चित्रपटाचा शेवट काल जोडला. पूल झाला, नाव बंद पडली आणि म्हातारा नावाडी काठावर बोलतो, ते दृश्य. नावाडी हाव्रानेक, दिग्दर्शकही हाव्रानेक, म्हणजे दोन्ही तुम्हीच. भाषण दोन मिनिटं दहा सेकंद. त्यानंतर रीळ संपेपर्यंत दोन मिनिटं तेरा सेकंद तुम्ही नुसते उभे आहात. कॅमेऱ्यावरच्या कुबेशकाकांनी कारण सांगितलं. नट म्हणून तीस वर्षांच्या सवयीने तुम्ही दिग्दर्शक कधी थांबवतो याची वाट पाहत राहिलात. दिग्दर्शक आपणच, हे विसरलात. तुम्हाला टोकायची कुणाची हिंमत झाली नाही, सगळे हसू दाबून उभे होते म्हणे.

मी ते बारा वेळा पाहिलं. तुम्ही बाहीवरचं कुसळ काढता. पुलाकडे बघता. हातांचं काय करावं ते तुम्हाला कळत नाही.

माझं मत: भाषण काढावं, हे ठेवावं. भाषणात उत्तम नट दिसतो, नंतर नावाडी दिसतो. प्रत चौदा तारखेला छपाईला जाईल. तुम्ही हो म्हटल्याशिवाय कात्री लावणार नाही.

लोभ या पत्रानंतरही राहावा.

आपली व्लास्ता

ओलोमोउत्स, ७ नोव्हेंबर

चि. व्लास्ता हिस आशीर्वाद, तूर्त थोडे कमी.

बाई गं, ते भाषण मी सहा आठवडे घासलंय! इथल्या निम्म्या नाटक मंडळींना बिअरच्या टेबलावर म्हणून दाखवलंय. आता त्यांना काय कुसळ दाखवू? तुझी आई तर हसतच सुटली. म्हणाली, घरीसुद्धा तुम्ही असेच उभे असता, त्याला तिकीट कोण काढणार? कुबेशला सांग, कॅमेऱ्यासकट नदीत बुडवीन. तू लहानपणी बाहुलीचे केसही पट्टीने मोजून कापायचीस, मला तेव्हाच कळायला हवं होतं.

भाषण राहील.

तुझा (रागावलेला) बाबा

प्राग, ९ नोव्हेंबर

ती. बाबांस सा. न.

भाषण ठेवते. चित्रपट तुमचा आहे.

एकच विचारते. त्या जागी दुसरा कुणी नट असता, तर तुम्ही काय केलं असतं?

काळजी नसावी. पट्टी अजून जवळ आहे.

व्लास्ता

ओलोमोउत्स, ११ नोव्हेंबर

चि. व्लास्ता हिस सगळे आशीर्वाद, मागच्या वेळचे धरून.

काल दिवसभर उत्तर टाळलं. दुसरा नट असता तर पहिल्याच दिवशी कापलं असतं, आणि वर त्याला सांगितलं असतं की तुझ्या भल्यासाठीच कापतोय.

भाषण काढ. संपूर्ण काढ, एक वाक्यही दयेपोटी ठेवू नकोस. नट रुसलाय, त्याची समजूत मी घालतो.

वसंतात दुसरा चित्रपट सुरू करतोय. संकलन तूच करायचंस. हाव्रानेक नावाच्या नटाला त्यात घ्यायचं का, तेही तूच ठरव. माणूस कामाचा आहे, पण बोलतो फार.

आईचा मुका. तुझी कात्री अशीच धारदार राहो.

तुझा बाबा