पाहुण्याचा मान

मुंबई, १८ नोव्हेंबर २०२४

ती. सौ. शीलाआत्यास,
श्रुतिकाचा शि. सा. न. वि. वि.

गुडघ्यांमुळे तू बालाघाटहून लांजीला मंडईच्या जत्रेला आली नाहीस आणि मोठा सोहळा हुकवलास. मंडई समितीचे अध्यक्ष, म्हणजे माझे बाबा, यांनी गावात शूटिंगला आलेल्या आमच्या सिनेमाच्या दिग्दर्शकाचा शाल-श्रीफळ देऊन सत्कार केला. दिग्दर्शक कोण, तर मोहित. निर्मात्याचा भाचा. जेवण आलं की सगळ्यांना हाक मारणं हे त्याचं सेटवरचं काम, आणि ते तो मनापासून करतो. मी तेव्हा मंडपामागे पाहुण्यांसाठी चहा गाळत होते, कारण बाबांनी तसं सांगितलं होतं.

दहा वर्षं मालिका काढल्या. एका सासूला जिना उतरायला तीन भाग लावले, तेव्हा कुठे दिग्दर्शक म्हणून हा पहिला सिनेमा मिळाला. आता सत्काराचा फोटो पेपरात आलाय, खाली 'दिग्दर्शक मोहित'. निर्माते म्हणतात की तुमच्या गावालाच तो दिग्दर्शक वाटतो, तर पडद्यावरही त्याचंच नाव जाऊ दे, तुम्ही सहायक म्हणून शोभाल. जानेवारीत आपल्या अंगणात उरलेलं शूटिंग आहे, तेव्हा निर्माते काय ते ठरवतील. मी काय काम करते हे बाबांना अजून कळलेलं नाही, याचं मला फार वाईट वाटतं. फोनवर सांगायला गेले की रडू येतं, म्हणून तू सांग.

लोभ आहेच, तो गुडघे सांभाळून करावा.
तुझी श्रुतिका

बालाघाट, २ डिसेंबर २०२४

चि. श्रुतिकास अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र घेऊन बसने लांजी गाठली आणि माझ्या थोर धाकट्या भावाला वाचून दाखवलं. हेमराजचं म्हणणं असं की सत्कार पाहुण्याचाच करतात. घरच्या पोरीले शाल देली असती तं लोक म्हणाले असते, अध्यक्षानं समितीची शाल घरीच नेली. मुंबईचं पोरगं, त्याले काहीतरी म्हणा लागते, म्हणून दिग्दर्शक म्हटलं. मग कलेक्टर का नाही म्हटलंस, असं मी विचारलं.

संध्याकाळी हळूच विचारू लागला की दिग्दर्शक नेमकं करते काय. मी सांगितलं, सगळ्यांना कामाला लावते आणि चुकलं की पुन्हा करायला लावते. तो म्हणाला की थे तं हिची माय जलमभर फुकटात करत होती. तुझ्या आईचं त्याने केलेलं हे पहिलं कौतुक, तेही तिच्या फोटोसमोर. निघताना एवढंच बोलला की पाहुण्याले येऊ दे.

जेवत जा. पत्रात राग आणि पोटात अन्न, दोन्ही असावं.
तुझी आत्या

लांजी, १९ जानेवारी २०२५

ती. सौ. शीलाआत्यास,
शि. सा. न. वि. वि.

बाबांनी मोहितचा मान पुरेपूर ठेवला. आल्याबरोबर पाय धुवायला पाणी दिलं, अंगणात खाटेवर बसवलं आणि बजावलं की आमच्याकडं पाहुणा कामाले हात लावत नाही. तो कॅमेऱ्याकडे निघाला की बाबा पोहे घेऊन आडवे. नंतर भजी, नंतर चिवडा. मोहितनेही फारसा विरोध केला नाही.

काल निर्माते आले तेव्हा तो खाटेवर घोरत होता. दिग्दर्शक कुठे, असं त्यांनी विचारलं. बाबांनी बोट दाखवून सांगितलं की थे धानाच्या तनसीच्या ढिगावर उभी राहून वरडून राह्यली थे, हा तं पाहुणा हाये. सगळं युनिट हसलं. आता गावालाही दिग्दर्शक कोण ते कळलं, तेव्हा पडद्यावर माझं एकटीचं नाव जाणार, असं निर्मात्यांनी तिथेच कबूल केलं.

आज निघायच्या आधी बाबांनी मला पाटावर बसवलं, कुंकू लावलं, शाल आणि नारळ दिला. जेवल्यावर ताट उचलायला गेले, तर हात धरून म्हणाले की राहू दे, तू काहून उचलून राह्यली. आत्या, मला मान हवा होता आणि तो मिळाला, पण माझ्याच घरात मी पाहुणी झाले. फार रडले. बाबांना वाटलं, आनंदाने.

मग शाल अंगावर घेऊनच मी मोरीपाशी बसले आणि माझं ताट घासलं. शाल भिजली. बाबांनी ते पाहिलं. आत गेले आणि घरातली उरलेली सगळी भांडी आणून माझ्यापुढे ठेवली.

माया आहे तशीच ठेव.
तुझी श्रुतिका