काशीरामच्या नावावर

॥ श्री ॥

परळ, मुंबई
ता. ३ जुलै १९३१

तीर्थस्वरूप काशीरामदादांस धाकटा भाऊ शिवा याचा शिरसाष्टांग नमस्कार विनंती विशेष.

पत्रावरचे अक्षर पाहून दचकाल. ते आपल्या खोलीतल्या सखारामचे आहे. सांगतो मी, लिहितो तो, आणि मध्येच रडतोही तोच. गेल्या आठवड्यात गिरणीत कापूस पिंजण्याच्या यंत्रात माझा उजवा हात सापडला. मनगटापासून कापावा लागला. आता ताप उतरला आहे, काळजी करू नये.

खरी अडचण पुढेच आहे. तुम्ही हिवतापाने गावी राहिलात आणि गिरणीत माणसे भरणाऱ्या रावजी जॉबरशी बोलून मला बदलीवर धाडलेत. तुमच्याच बिल्ल्यावर, तुमच्याच नावाने मी कामावर जात होतो. इथे सगळ्यांचे भाऊ असेच जातात. त्यामुळे इस्पितळातही नाव लागले काशीराम. कामावर हात गेला तर मालकाने भरपाई द्यावी असा सरकारचा कायदा आहे म्हणतात. ती काशीरामला मिळायची, आणि काशीरामचे तर दोन्ही हात शाबूत! भरपाईच्या कचेरीतून आपल्या पाटलांकडे चौकशीचा कागद येणार आहे. पावसाळ्यामुळे बोटी बंद, तुम्हाला येताही यायचे नाही. काय करावे ते कळवा.

मैनावहिनीस नमस्कार. तुमची माया आहे म्हणून धीर आहे.

आपला,
शिवा

---

पाली, तालुका रत्नागिरी
ता. ११ जुलै १९३१

चिरंजीव शिवास अनेक आशीर्वाद.

तुझे पत्र आले तेव्हा मी लावणीच्या चिखलात होतो. तसाच बांधावर बसलो. तो हात माझा जायचा होता, शिवा. हे एकदा बोलून टाकतो, नाहीतर मला घास गिळायचा नाही.

आता ऐक. तू काशीरामच राहा आणि भरपाई घे. चौकशीचा कागद कालच आला. मी पाटलांचे पाय धरले, त्यांना आपली दया आली. काशीराम मुंबईस गिरणीत आहे, मी धाकटा शिवा गावी शेती बघतो, असे मी लिहून दिले. त्यांनी त्यावर शिक्का मारला. आज तो टपालात पडलासुद्धा. माझी जागा गेली तर जाऊ दे, मला नांगर धरता येतो. तुझी वहिनी म्हणते, ती नाहीतरी माझे नाव घेत नाही, तेव्हा तिला काहीच बदलायला नको. हसलास का? थोडे हस.

जखम भिजवू नकोस. आम्हा सर्वांचा जीव तुझ्यापाशी आहे.

तुझा,
दादा

---

परळ, मुंबई
ता. १२ जुलै १९३१

तीर्थस्वरूप दादांस शिवाचा शिरसाष्टांग नमस्कार.

तुमच्या उत्तराची वाट पाहायला हवी होती. पण गिरणीतून निरोप आला की हात नसलेल्याला इथे काम नाही, काशीरामचे नाव कमी करणार. मी हबकलो. माझा हात गेला तो गेला, तुमची जागा का जावी? तुमच्या पदरी मुले आहेत. सखारामला घेऊन तडक भरपाईच्या साहेबांकडे गेलो आणि खरे ते सांगितले.

साहेब खेकसतील वाटले होते. त्यांनी उलट मला बसायला सांगितले. म्हणाले, बिल्ला कोणाचा का असेना, हात ज्याचा गेला हक्क त्याचा. फक्त तूच कामावर होतास हे ठरले पाहिजे. त्यांनी रावजीला बोलावले. बदली त्यानेच घेतली हे कळले तर त्याची नोकरी जाईल, म्हणून रावजीने माझ्या तोंडाकडे पाहून सांगितले, ह्या माणसाला मी ओळखत नाही. दादा, महिन्यापूर्वी एकादशीला मी त्याच्याच घरी फराळाला होतो.

आता एकच वाट उरली आहे. काशीराम तेव्हा गावी होता आणि त्याने भावाला बदलीवर धाडले, असे तुमच्या सहीने नि पाटलांच्या शिक्क्याने आले तर दावा उभा राहील. एवढे ताबडतोब धाडा. बाकी डाव्या हाताने जेवायला शिकलो आहे, सांडते फार.

या लेकरावर माया असू द्या.

आपला,
शिवा

---

पाली
ता. २१ जुलै १९३१

चिरंजीव शिवास आशीर्वाद.

आपली पत्रे वाटेत चुकली. तुझे वाचले आणि पाटलांकडे धावलो. ते म्हणाले, पहिला कागद खोटा होता असे लिहिले तर माझी पाटीलकी जाईल आणि तू तुरुंगात. मी म्हटले, जातो तुरुंगात. त्यावर ते म्हणाले, तू जाशील रे, पण मग शिवाचे तरी कोण खरे मानील? तसाच घरी आलो आणि कागद घेऊन बसलो.

खरे ते लिहून, माझी सही करून यासोबत धाडले आहे. शिक्का नाही. साहेबांपुढे ठेव. पण शिक्क्याचा कागद त्यांच्याकडे आधीच पोचला असेल, आणि दोन्हींवर अक्षर माझेच आहे. तुझे भले करायला गेलो रे.

नारळी पौर्णिमेनंतर बोटी सुरू होतील. निकाल काय लागायचा तो लागो, तू पहिल्या बोटीने ये. रत्नागिरीला बोटीवरून किनाऱ्याला नेणाऱ्या लहान पडावात उतरताना शिडी दोन्ही हातांनी धरावी लागते. मी पडाववाल्याबरोबर बोटीपर्यंत येईन. लोक घाई करतील, ढकलतील. तू उतरू नकोस. मी येईपर्यंत वरच थांब.

लोभ ठेव म्हणायला आज तोंड नाही, तरी ठेव.

तुझा दादा,
काशीराम