प्रकृतीच्या कारणास्तव

डोंबिवली, मंगळवार, १२ फेब्रुवारी १९५२

दुपारी पोस्टमन दारात थांबला आणि म्हणाला, “वहिनी, नोकरीवर कधीपासून जाणार? कल्याणच्या शाळेचं पाकीट साहेबांनी स्टेशनावरच घेतलं माझ्याकडून.” तीन आठवडे झाले म्हणे! आणि मी अर्ज केल्यापासून रोज त्याच पाकिटाची वाट बघत होते. इथं दुसरं आहे तरी काय? सकाळी यांचा डबा, मग विहिरीचं पाणी, मग दिवेलागणीपर्यंत समोरची कापणी झालेली भातखाचरं. चार वर्षांत दुपारी माझ्याशी बोलणारं माणूस म्हणजे हा पोस्टमनच.

हे जेवायला बसल्यावर विचारलं. लपवलंसुद्धा नाही.

“मीच कळवलं. प्रकृतीच्या कारणास्तव नोकरी करता येणार नाही म्हणून.”

“कुणाच्या प्रकृतीच्या?”

“तुझ्या. अगं, रोज कल्याणला जायची दगदग कशाला? घरात काय कमी आहे तुला?”

माझी प्रकृती! चार वर्षांत साधं पडसं झालं नाही मला. आणि खाली सही? तीही यांनीच केली, माझ्या नावाची. आता जागा भरली असणार. मुख्याध्यापिकाबाई हळहळल्या असतील, बिचारी आजारी आहे म्हणून.

केवढं बोलायचं होतं मला. तेवढ्यात हे ताटात बघत म्हणाले, “ताक वाढ.” मी उठले आणि वाढलं. वर विचारलं, “मीठ हवं का?” मला यांचा राग आलाच आहे, पण तो प्रश्न माझ्या तोंडून गेलाच कसा?